रामाची बोटं नसलेली खार

आई पहिल्यांदा इंग्लंडला आली, तेव्हा मागच्या कुंपणावर खार दिसताच तिनं आधी पाठ बघितली. "अगं, हिच्यावर रामाची बोटं कुठायत?" नव्हतीच. करडी पाठ, पांढरं पोट, बाटली धुवायच्या ब्रशासारखी शेपूट आणि आपल्या खारीपेक्षा कितीतरी थोराड. "सेतूच्या कामाला गैरहजर असणार ही," असं म्हणत आईनं तरी मूठभर शेंगदाणे टाकले.

गैरहजर असणारच. ही मूळची अमेरिकेच्या पूर्वेकडच्या ओकच्या जंगलांतली. तिथं ती बोंडं पुरते, काही विसरते, त्यांची झाडं होतात. १८७६ मध्ये इथं इंग्लंडात, चेशरमधल्या हेन्बरी पार्कात कुणा धनिकानं हौसेनं एक जोडी सोडली. मग बेडफर्डच्या ड्यूकनं आणखी मागवल्या आणि ओळखीपाळखीत वाटल्या. आयर्लंडला तर त्या १९११ मध्ये लग्नाच्या आहेरात पोचल्या, टोपलीतून! आपल्याकडे आहेरात लेमन सेट येतो, त्याला निदान पिल्लं होत नाहीत.

भोगलं ते इथल्या लाल खारीनं. कानांवर झुपके असलेली, अंगानं लहानखुरी. ओकची बोंडं करडीला सहज पचतात, लालला नीट पचत नाहीत. त्यात करडीच्या अंगात देवीच्या जातकुळीतला एक विषाणू असतो. तिला स्वतःला त्याचं काही नाही, लाल मात्र पंधरवड्यात दगावते. आज ब्रिटनमध्ये करड्या सुमारे २७ लाख आणि लाल तीन लाखांच्या आत, त्याही बहुतेक स्कॉटलंडात. शिवाय करडी कोवळ्या बीच-ओकची साल सोलते, ती झाडं कायमची अधू होतात.

१९५० च्या दशकात सरकारनं शेपटीमागे एक शिलिंग देऊन पाहिलं. लोकांनी शिलिंगं नेली, खारी राहिल्याच. सध्या आशा आहे ती पाइन मार्टेनवर. हा झाडावर चढणारा, मुंगसासारखा लांबट शिकारी जिथं परततो तिथं करड्या घटतात आणि लाल पुन्हा दिसू लागतात. लालची त्याच्याशी जुनी ओळख आहे, करडी बेसावध सापडते.

शेजारचे आजोबा करडीला 'झाडावरचा उंदीर' म्हणतात. त्यांचं सगळं मला पटतं. फक्त "बाहेरून आलेल्या" असं ते म्हणतात, तेव्हा मी चहात साखर जरा जास्तच वेळ ढवळत बसते. आपल्या पट्टेवालीची भावकीही ऑस्ट्रेलियातल्या पर्थला जाऊन वसलीय, १८९८ मध्ये तिथल्या प्राणिसंग्रहालयातून बाहेर पडून, हे मी त्यांना अजून सांगितलेलं नाही.

काल आईचा सांगलीहून व्हिडिओ कॉल. "ती आली होती का गं?" आली होती. नुकत्याच रुजलेल्या मेथीची कुंडी उकरून तिनं मधोमध एक शेंगदाणा पुरला होता. मी आईला कुंडी दाखवली.

"अगं, मग शेंग येईल की!" आई म्हणाली.