बोलणं झालं होतं

गिरगावात चाळ पाडून झालेल्या सोसायटीत काकांच्या मामेभावाची वन रूम किचनची जागा होती. 2013 च्या भाऊबीजेला, जेवणं झाल्यावर, ती 42 लाखांना काकांना द्यायचं ठरलं. काका म्हणजे माझे अशील, बेस्टमधून कंडक्टर म्हणून निवृत्त झालेले. साठेखत, म्हणजे विकण्याचा लेखी करार नाही, आगाऊ रकमेची साधी इसारपावतीही नाही. घरातल्या घरात कसली पावती! पुढच्या दोन महिन्यांत तीन चेकनी सहा लाख गेले. 2015 मध्ये मामेभावाने हात वर केले. ते पैसे हातउसने होते म्हणे, मुलीच्या लग्नासाठी घेतलेले.

तोंडी करारावर दावा चालतो. खरेदीखत नोंदवलेलंच लागतं, पण विकण्याचा करार लेखीच हवा असं 1872 चा करार कायदा म्हणत नाही. व्यवहाराची तारीख ठरलेली नसेल तर तीन वर्षांची मुदत नकार कळल्यापासून मोजतात, त्यामुळे मुदतीची भीती नव्हती. उरलेले पैसे भरायची काकांची तयारी दाखवायला बँकेचं कर्जमंजुरीचं पत्र होतं, मोडलेल्या एफडीचे कागद होते. भाऊबीजेच्या त्या संध्याकाळचं मात्र काहीच नव्हतं. साक्षीला फक्त काकू.

दाव्यात मी जागाच मागितली होती. सीनियरांनी मसुदा परत पाठवला: ‘पर्यायी मागणी म्हणून पैसे व्याजासकट परत मागा. मागितले नाहीत तर कोर्ट आपणहून देणार नाही.’ मला ते आधीच हार मानल्यासारखं वाटलं. चरफडत एक परिच्छेद घातला.

2017 मध्ये काकांचा उलटतपास झाला. ओव्हलसमोरची जुन्या सचिवालयाची इमारत, म्हणजे आमचं सिटी सिव्हिल कोर्ट. उंच छत, पंख्यांची घरघर, आणि साक्षीदार मराठीत बोलला की जजसाहेब ते स्टेनोला इंग्रजीत सांगणार. समोरचे वकील वयस्कर, आवाज अगदी मऊ. मला त्या मऊ आवाजांचीच धास्ती वाटते.

‘त्या दिवशी नेमकं काय झालं?’

काका म्हणाले, ‘आमचं बोलणं झालं.’

साहेबांनी स्टेनोला सांगितलं, ‘देअर वॉज अ टॉक बिटवीन अस.’

मी ताडकन उठले. आपल्याकडे लग्नाचं ‘बोलणं झालं’ म्हणजे लोक हॉल बघायला लागतात, ती काही नुसती गप्पाटप्पा नव्हे. तसं मी म्हणाले. साहेब मराठीच, हसले. काकांकडे वळून त्यांनी विचारलं, ‘बोलणं झालं म्हणजे पक्कं ठरलं, असंच ना?’

‘पक्कंच साहेब. बाकीचं तेवढं वकिलाकडे बसून ठरवायचं होतं.’

समोरच्या वकिलांनी चष्मा काढला. ‘बाकीचं म्हणजे?’

‘उरलेले पैसे कधी द्यायचे, ताबा कधी, सोसायटीची ट्रान्सफर फी कुणी भरायची.’

‘आणि वकिलाकडे बसलात कधी?’

‘बसलोच नाही.’

पुढे त्यांनी दोन-तीन प्रश्न विचारले, ते उगाचच. त्यांना हवं ते मीच उठून मिळवून दिलं होतं. युक्तिवादात त्यांनी सुप्रीम कोर्टाचा 1990 चा ब्रिज मोहन विरुद्ध सुग्रा बेगम हा निकाल वाचला: तोंडी करार चालतो, पण सगळ्या मुख्य गोष्टींवर दोघांचं एकमत झालं होतं हे सिद्ध करायचं मोठं ओझं वादीवर. स्पेसिफिक रिलीफ कायद्यातल्या 2018 च्या दुरुस्तीनंतर, करार सिद्ध झाला तरी तो पुरा करायला लावायचा की नाही यात कोर्टाची मर्जी फारशी उरलेली नाही, पण हे ओझं आजही वादीच्याच डोक्यावर आहे.

बाहेर ओव्हलवर पोरांचं क्रिकेट चालू होतं. काकांनी विचारलं, ‘मॅडम, मी चुकीचं बोललो का?’

‘नाही काका. खरं तेच बोललात.’ त्यांनी मान हलवली आणि काकूंसाठी टॅक्सी शोधायला लागले.

जागा मिळाली नाही. करार पुरा झाल्याचं सिद्ध होत नाही, असं निकालात होतं. चेक मात्र कुणीच नाकारले नव्हते, त्यामुळे चरफडत घातलेल्या त्या परिच्छेदावर सहा लाख व्याजासकट परत मिळाले. वसुलीला आणखी वर्षभर गेलं. डिमांड ड्राफ्ट द्यायला मामेभाऊ स्वतः आला नाही, मुलाला पाठवलं. पावती मी लिहून ठेवली होती. काकांनी ती तीनदा वाचली, पेनाचं टोपण काढलं आणि विचारलं, ‘मॅडम, पैसे कशाचे ते यात नीट लिहिलंय ना?’