शंभर रुपयांच्या दंडाने अडवलेला नियुक्ती आदेश

कनिष्ठ लिपिकाच्या निवड यादीत नाव आलं आणि साक्षांकन नमुना, म्हणजे चारित्र्य पडताळणीचा फॉर्म, हातात पडला. कधी अटक झाली का, खटला चालला का, दोषी ठरलात का, दंड झाला का, असे त्यात सुटे सुटे प्रश्न. मला बहुतेकांपुढे ‘होय’ लिहायचं होतं.

कॉलेजात असताना जत्रेत दोन गटांची जुंपली. पोलिसांनी दोन्हीकडच्या पोरांवर भादंवि (भारतीय दंड विधान) कलम १६०, म्हणजे सार्वजनिक जागी मारामारी, लावलं. शिक्षा जास्तीत जास्त महिनाभर कैद, किंवा शंभर रुपये दंड, किंवा दोन्ही. (आता भारतीय न्याय संहितेत तेच कलम १९४ झालंय आणि दंड हजारापर्यंत.) “कबूल करा, दंड भरा, मोकळे व्हा,” वकील म्हणाले. भरला. कबुली देऊन भरलेला दंड म्हणजे दोषसिद्धीच, हे कोर्टाच्या आवारात कुणी सांगत बसत नाही.

मित्र म्हणाले, “लिहू नको, एवढं जुनं कोण बघतंय?” बघतात. नमुना पोलीस अधीक्षक कार्यालयातून ठाण्यात जातो आणि तिथल्या रजिस्टरला गुन्हा असतोच. शिवाय माहिती लपवणं हीच अपात्रता, अशी तंबी नमुन्यावरच छापलेली.

अभ्यासिकेतल्या एका दादाने अवतार सिंग खटल्याचा २०१६ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वाचायला दिला. दिलासा अर्धाच. किरकोळ गुन्हा लपवला तरी कार्यालय त्याकडे काणाडोळा करू शकतं. पण खरं सांगितलं म्हणून नोकरी दिलीच पाहिजे, असं बंधन त्याच्यावर नाही. पूर्वचारित्र्य बघून तेच ठरवणार.

खरी पायपीट निकालाच्या नकलेसाठी. ठाण्यातून गु.र.नं. (गुन्हा रजिस्टर नंबर) घेतला, त्यावरून कोर्टात एस.सी.सी. नंबर, म्हणजे खटल्याचा नंबर, शोधला, कोर्ट फीचं तिकीट लावून अर्ज दिला. निकाल जेमतेम पानभर, पण कलम, कबुली, दंड सगळं त्यात होतं. नमुन्यात तेवढंच उतरवलं आणि नक्कल जोडली. ‘मला गुंतवलं’ छापाचं रडगाणं गायलो नाही; सही-शिक्क्याच्या कबुलीपुढे ते कोण ऐकणार?

बाकीचे हजर झाले, माझा आदेश अडकला. मधे लेखी खुलासा मागवला, तोही नकलेला धरूनच दिला. विचारायला गेलं की “फाइल साहेबांकडे आहे.” पुष्कळ दिवसांनी आदेश निघाला.

चुलतभाऊही त्याच भांडणातला. त्याने कबुली दिली नाही. साक्षीदार फितूर झाले, सुटला. आता पोलीस भरतीची तयारी करतोय. म्हणतो, “मी तर निर्दोष, मला काय लिहायचंय?” पण ‘खटला चालला का’ला त्याचंही उत्तर ‘होय’च. शिवाय पोलिसांची चाळणी बारीक. सुटका झाली तरी ती कशामुळे झाली हे खातं तपासू शकतं, असं मेहर सिंग प्रकरणात २०१३ सालीच सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय. त्याच्या निकालात ‘संशयाचा फायदा’ आहे की आरोपच खोटा ठरलाय, ते बघायला सोमवारी दोघं नक्कल विभागात जाणार आहोत.