काहीतरी थंड

सोमवार, रात्री साडेअकरा.

आखाजी, म्हणजे आमची अक्षय्य तृतीया, होऊन चार दिवस झाले, कालचे अमळनेरचे जेवणही पार पडले, भांडी घासून पालथी घातली, आणि तरीही अक्कांनी यादीत लिहिलेला एक शब्द माझ्या डोक्यातून जात नाही. जेवणाला कोणी काय करून आणायचे, एवढीच साधी यादी होती. मोठ्या वहिनींच्या नावापुढे वरण-बट्टी, धाकटीपुढे गंगाफळाची भाजी, स्वतः अक्कांपुढे खापरावरची पुरणपोळी व आमरस, आणि माझ्या नावापुढे ‘काहीतरी थंड’. बाकीच्यांच्या वाट्याला पदार्थ आले. माझ्या वाट्याला नुसते विशेषण आले.

काहीतरी म्हणजे काय? जिच्याकडून काहीच आले नाही तरी पंगत अडणार नाही, तिला काहीतरी आणायला सांगतात. त्या घरात बावीस वर्षे बट्ट्या मी केल्या. गोवऱ्यांचा विस्तव किती खाली बसला की बट्ट्या पुरायच्या, हे मोठ्या वहिनी मलाच विचारत असत. यंदा पितरांची घागर भरताना मी जरा बाजूला बसले होते. त्याचे कारण सर्वांना ठाऊक आहे आणि त्यावर मी आज लिहिणार नाही. पण बाजूला बसणे वेगळे आणि यादीत ‘काहीतरी’ होणे वेगळे.

त्यांना मठ्ठा किंवा पन्हे अपेक्षित असणार, हे मला कळत होते. म्हणूनच मी ते केले नाही. थंडच हवे ना, तर ज्याने पोट भरेल असे थंड करून दाखवू, अशा काहीशा रागाने मी पास्त्याचे सॅलड करायचे ठरवले. मुलीकडे पुण्याला एकदा खाल्ले होते. तिच्याकडून फोनवर सगळे विचारून घेतले आणि तीस माणसांच्या हिशेबाने मळसूत्री पास्त्याची अर्ध्या किलोची तीन पाकिटे आणली. त्याबरोबर अर्धा किलो काबुली चणे रात्रभर भिजवून उकडले, अर्धा किलो पनीर, मक्याचे दाणे, ढोबळी मिरची, कांदा आणि व्हिनेगरऐवजी आपली कैरी, अगदी बारीक चिरून. चणे आणि पनीर असल्यामुळे ते नुसते तोंडी लावणे राहत नाही, हे मला मुद्दाम दाखवायचे होते. कोणाला, ते विचारू नये.

शनिवारी रात्री पास्ता उकडला. शंभर ग्रॅमला १ लिटर पाणी आणि १० ग्रॅम मीठ, असे मुलीने सांगितलेले प्रमाण. म्हणजे दीड किलोला १५ लिटर पाणी लागणार, आणि माझ्या मोठ्या पातेल्यात फार तर सात लिटर मावते, म्हणून तीन घाणे काढावे लागले. पहिला घाणा मी पाकिटावर लिहिलेल्या वेळेला उतरवला आणि तिथेच चुकले. गरम खायचा पास्ता दाताखाली किंचित कडक लागला तरी चालतो, पण थंड खायचा असेल तर तो दोन मिनिटे जास्त शिजवावा लागतो, कारण गार होताना त्यातला स्टार्च पुन्हा घट्ट होतो. फ्रिजमधला कालचा भात जसा टोचरा होतो, तसेच हे. गार झाल्यावर एक तुकडा चावून पाहिला तर दात दुखेल असा लागला. तो सगळा घाणा पुन्हा उकळत्या पाण्यात टाकला. तेव्हा रात्रीचे दहा वाजले होते, ओटा वाफेने ओला झाला होता आणि मी एकटीच स्वयंपाकघरात उभी राहून, अक्का आत्ता पुरणाचा कट काढत असतील आणि शेजारी चौघी हसत असतील, ह्याची कल्पना करून डोळ्यांत पाणी आणत होते. कांदाही चिरलेला होता, म्हणजे सबब होती.

शिजलेला पास्ता गार पाण्याखाली धरायचा. गरम खायचा असेल तर असे धुवायचे नसते, पण थंड करायचा तर वरचा चिकटपणा गेलाच पाहिजे, नाहीतर सगळ्याचा एक गोळा होतो. आता जळगावात वैशाखात गार पाणी आणायचे कुठून? गच्चीवरच्या टाकीचे पाणी रात्री दहालाही आंघोळीला चालेल इतके कढत येते. शेवटी दोन्ही माठ रिकामे केले. मुलीने दिलेले ऑलिव्हचे तेल वापरायचे मनात होते, पण ते फ्रिजमध्ये ठेवल्यावर तुपासारखे थिजते, म्हणून सूर्यफुलाचे घेतले: तीन भाग तेल, एक भाग लिंबाचा रस, आणि दोन्ही एकजीव राहावेत म्हणून वाटलेली मोहरी. ह्यातले अर्धे पास्ता कोमट असतानाच घातले, कारण तेव्हाच तो आत ओढून घेतो; उरलेले अर्धे वाढताना घालण्यासाठी बाटलीत भरून घेतले. काकडी आणि टोमॅटो तिथे जाऊन चिरायचे ठरवले, नाहीतर मिठाने त्यांना पाणी सुटून तळाशी तळे झाले असते.

काल सकाळी मोठा स्टीलचा डबा थर्माकोलच्या पेटीत ठेवला, चहूबाजूंनी बर्फ भरला आणि पेटी गाडीत मांडीजवळ घेऊन बसले. शिजवलेले अन्न ५ ते ६० अंशांच्या दरम्यान फार वेळ राहू देऊ नये. एरवी दोन तास चालतात, पण हवा ३२ अंशांच्या वर असली की एकच तास धरायचा. काल पारा ४४ च्या आसपास होता. तीस माणसांच्या पोटाला काही झाले असते तर ‘काहीतरी’ म्हणजे काय ते गावाला कायमचे कळले असते. म्हणून पोहोचल्याबरोबर पेटी ओसरीच्या अंधाऱ्या कोपऱ्यात ठेवली, काकडी-टोमॅटो चिरून डब्यात मिसळले, झाकण घट्ट लावले आणि वर ओले पोते टाकले.

पंगत बसली. पाने वाढली गेली, बट्टीवर तुपाची धार पडली, वरणाला दाद मिळाली, पुरणपोळी एवढी मोठी की ताटाबाहेर लोंबत होती. माझ्या डब्याचे नाव कोणी काढले नाही. मी वाट पाहिली. मी हातात पळी घेऊन उभी होते, ती कोणीतरी वरणासाठी मागून नेली. ‘काहीतरी’ची किंमत मी त्या अर्ध्या तासात पुरेपूर मोजली आणि आता ह्या घरात आपले जेवायला येणे हेही काहीतरीच झाले, इथपर्यंत मनाने मजल मारली. आमचे हे असते तर पहिल्या घासालाच ओरडून मागितले असते. असो.

दुपारी साडेतीनला वीज गेली. पुरुष मंडळी ओसरीवर आडवी झाली, बट्टीने सर्वांची पोटे जड झाली होती, आणि आम्ही वाढणाऱ्या बायका शेवटी पानांवर बसलो तेव्हा कोणाच्याच घशाखाली गरम काही उतरेना. धाकटीने हाक मारली, “वहिनी, त्या पेटीतला बर्फ अजून आहे का? मघाशी पन्ह्याला थोडा काढला होता.”

बर्फ! त्या पेटीत फक्त बर्फ आहे, अशी सगळ्यांची समजूत होती. तासाच्या नियमापायी मी झाकण, पेटी आणि पोते असा बंदोबस्त केला होता, आणि आत काय आहे हे एकालाही सांगितले नव्हते, कारण कोणीतरी आपण होऊन विचारावे अशी माझी इच्छा होती. अक्का तर म्हणाल्या, “तू पन्ह्याला बर्फ आणलास ते फार बरे झाले.” त्यांनी माझे ‘काहीतरी थंड’ केव्हाच जमेस धरले होते. मला रागही येईना आणि हसूही आवरेना.

डबा उघडला. बर्फात दबून राहिल्यामुळे स्टीलवर दव जमले होते. उरलेली बाटली वरून ओतली आणि सगळे खालीवर केले. नानींनी पुढे वाकून एक पेड उचलला, चिमटीत दाबून पाहिला. त्याच्या वळणात कैरीचा एक हिरवा तुकडा अडकला होता, तो त्यांनी नखाने काढून आधी खाल्ला.

“हाई काय शे वं?”

मी सांगितले की गव्हाचेच आहे, कडक जातीच्या गव्हाच्या रव्याचे. त्यांनी पेड तोंडात टाकला, बराच वेळ चघळला आणि विचारले, बन्सी का? आता ह्याला काय म्हणावे? पाकिटावर ड्युरम लिहिलेले असते आणि आपला बन्सी त्याच जातीचा गहू. शेवयांना नानी आयुष्यभर तोच वापरत आल्या, कारण उकळत्या पाण्यात त्याची शेवई मोडत नाही. चौदा वर्षे शहरात राहून मला जे मुलीच्या फोनवरून समजले, ते त्यांना चिमटीत समजले. त्यांच्या मते शेवई जाड झाली होती आणि मीठ कमी होते, आणि दुसरी गोष्ट खरी होती. अन्न गार झाले की मिठाची चव कमीच जाणवते, हे मी विसरले होते. धाकटीने ठेच्याची वाटी पुढे सरकवली. ठेचा घातल्यावर ते सॅलड राहिले की नाही कोण जाणे, पण आम्ही सहाजणी डब्याभोवती बसून हातानेच खाल्ले, आणि ओसरीवरून आप्पांचा आवाज आला की आत काय चालले आहे, तेव्हा त्यांच्यासाठी एक ताट भरून पाठवावे लागले. तीसजणांच्या हिशेबाने केलेल्यातले निम्मे उरले. ते मी कोणालाही बांधून दिले नाही; बर्फ वितळला होता. आणताना एवढे जपलेले अन्न गोठ्यातल्या बादलीत ओतताना जिवावर आले.

आज दुपारी अक्कांचा फोन आला. डबा तिकडेच राहिला आहे, बिबड्या, म्हणजे ज्वारीचे पापड, भरून पाठवते म्हणाल्या. त्यांनी यादी लिहिताना माझ्या नावापुढे पेन किती वेळ थांबवले होते, हे विचारावेसे वाटले. कदाचित बट्टी लिहायला त्यांचाच हात झाला नसेल. विचारले नाही. फोन ठेवता ठेवता त्या म्हणाल्या, “पोळ्याला येशील तेव्हा ते आण बरं का.”

“ते म्हणजे कोणते?”

“अगं, तेच. काहीतरी थंड.”

पोळ्याला पाऊस असतो, हवेत गारठा असतो, तेव्हा ते कोणी तोंडात घालणार नाही, हे मी त्यांना सांगितले नाही. वाण्याकडे बन्सीचा रवा मिळतो का, एवढे मात्र संध्याकाळी विचारून आले.