भुषाच्या काठावर चार दिवस, बारा मिनिटांच्या माहितीपटासाठी

नर्मदा महाराष्ट्राला जेमतेम ५४ किलोमीटर लागून वाहते, तीही नंदुरबार जिल्ह्याच्या सीमेवरून. तिच्या काठच्या पावरा आणि भिल पाड्यांवर छोटा माहितीपट करायला आम्ही तिघं मे महिन्यात गेलो. नंदुरबारला रेल्वेनं उतरलो, मग शहादा, घाट चढून धडगाव आणि तिथून जीपनं नर्मदेकाठचं भुषा. रोकड, सेल, औषधं धडगावातच घ्या. पुढं मोबाईलच्या भरवशावर राहू नका.

समोर दिसतो तो सरदार सरोवराचा फुगवटा. धरण १३८.६८ मीटर उंचीचं. २०१९ च्या सप्टेंबरात ते पहिल्यांदा काठोकाठ भरलं आणि डोंगरातल्या काही वस्त्यांचे टापू झाले. दुसऱ्या दिवशी नावाड्यानं मधोमध इंजिन बंद केलं आणि खाली पाण्याकडे बोट दाखवत आपलं शेत, विहीर, आंब्याची झाडं एकेक करून सांगितली. कॅमेरा पिशवीतच होता. तेच पुन्हा सांगा म्हणायला माझी जीभ रेटली नाही. फिल्ममध्ये तो प्रसंग नाही, आणि नाही तेच बरं वाटतं.

मुलाखती बोटीत घेऊ नका, डिझेल इंजिनाखाली शब्द बुडतात. सकाळी काठावर, कॉलर माइक लावून बसा. म्हाताऱ्या माणसांशी पावरीतच बोलावं लागतं. जीवनशाळेत, म्हणजे नर्मदा बचाव आंदोलनानं चालवलेल्या शाळेत, शिकलेली तरुण मुलं उत्तम दुभाषी होतात, त्यांच्या दिवसाचा मोबदला आधी ठरवा आणि हातात द्या. मे महिन्यात ऊन भाजून काढतं, पण अंगणाअंगणात कैरीच्या फोडी वाळत असतात. आमचूर हीच कित्येक घरांची रोकड. तो घरातूनच विकत घ्या.

लाइफ जॅकेट स्वतःचं न्या, आणि बोट गच्च भरलेली दिसली तर पुढच्या फेरीची वाट पाहा. २०१९ च्या मकरसंक्रांतीला इथंच भुषाजवळ भरलेली बोट उलटून माणसं गेली. त्यात लहान मुलंही होती.

पावसाळ्याआधी पाणी उतरलेलं असतं, चिखलातून बरंच चालावं लागतं. पावसाळ्यानंतर ते थेट डोंगराच्या कमरेला येतं. म्हणून जागा निवडताना गावकऱ्यांनाच विचारा. डिसेंबरात आम्ही तयार फिल्म दाखवायला प्रोजेक्टर घेऊन परत गेलो, तेव्हा मुलाखती घेतल्या तो उतार पाण्याखाली होता. पडदा वरच्या अंगणात बांधला.