एका क्रियापदाचे कर्म

छपाईला जाण्यापूर्वीच्या शेवटच्या वाचनात मजकुराच्या अर्थात शिरायचे नाही, अशी शिस्त मला माझ्या पहिल्या संपादकांनी लावली होती. त्या टप्प्यावर काना, मात्रा, वेलांटी, पृष्ठांक आणि तळटिपांचे आकडे एवढेच पाहायचे. अर्थाचे जे काही व्हायचे ते आधीच्या तीन वाचनांत होऊन गेलेले असते, आणि आता त्यात हात घातला तर एक दुरुस्त करताना चार बिघडतात. ही शिस्त मी बहुतेक पाळते. ज्या दिवसाविषयी लिहीत आहे त्या दिवशी ती मी मोडली, आणि दिवस संपता संपता ती का लावलेली असते हेही मला कळले.

काम होते एकोणिसाव्या शतकातील इंग्रजी निबंधांच्या मराठी अनुवादाचे. अनुवाद माझ्या एका तरुण सहकाऱ्याचा होता, संपादन माझे होते, आणि संध्याकाळपर्यंत सर्व पाने मुद्रकाकडे पोहोचवायची होती. सकाळी अकराच्या सुमारास एका निबंधाच्या मध्यावर मी अडले. वाक्य असे होते : ‘त्या पिढीने पूजा सोडली नव्हती, तिने आपल्या थोर पुरुषांना चुकीच्या रीतीने पूजिले.’ यात शुद्धलेखनाचे काही चुकलेले नव्हते. परंतु लगेच पुढचे वाक्य होते : ‘गुडघे टेकण्यात खोट नव्हती, ज्यांच्यापुढे ते टेकले गेले, त्यांच्यात होती.’ पहिले वाक्य रीत चुकल्याचे सांगते आणि दुसरे वाक्य रीतीत काही चुकले नसल्याचे सांगते. निबंधकार शब्दांचा काटेकोर माणूस होता. लागोपाठच्या दोन वाक्यांत तो स्वतःलाच खोडून काढील, हे संभवत नव्हते.

मूळ प्रत उघडली. तिथे क्रियापद होते ‘मिसवर्शिप’, भूतकाळी रूपात. संगणकाने त्याखाली लाल नागमोडी रेघ ओढली होती आणि पर्याय म्हणून हा शब्द तोडून दोन करावा असे सुचवले होते, म्हणजे ‘वर्शिप’ आडनावाची कोणी अविवाहित बाई त्या निबंधात अचानक अवतरली असती. सहकाऱ्याने तो सल्ला मानला नव्हता, हे त्याच्या जाणतेपणाचे लक्षण. त्याला बोलावून विचारले, ‘हे ‘चुकीच्या रीतीने’ कुठून आले?’

तो क्षणभर घुटमळला आणि म्हणाला, ‘मॅडम, आपल्या शब्दावलीत तसेच आहे. नोंद तुमचीच आहे, म्हणून मी पुन्हा कोश पाहिला नाही.’

नोंद खरोखरच माझी होती. काही वर्षांपूर्वी दुसऱ्याच एका पुस्तकाच्या वेळी मी ती केली होती : ‘मिसवर्शिप – चुकीच्या रीतीने पूजणे’. पुढे ना उदाहरण, ना आधार, ना शंकेची खूण. एखादा ज्येष्ठ माणूस नोंद करतो तेव्हा ती किती निर्धास्त दिसते, ते मला त्या ओळीकडे पाहताना जाणवले.

कोश काढले. हे क्रियापद इतके विरळ आहे की रोजच्या वापरातील लहान कोशांत ते सहसा सापडत नाही. १९१३ च्या वेब्स्टर कोशात ते आहे. अर्थ दिला आहे तीनच शब्दांत, ‘टु वर्शिप रॉंगली’, आणि वापरणारा म्हणून बिशप हॉल यांचे नाव. हे जोसेफ हॉल (१५७४–१६५६) इंग्लंडमधील एक्सेटरचे आणि नंतर नॉर्विचचे बिशप होते, आणि रोमच्या चर्चशी त्यांनी लेखणीने वाद घातले होते. नामरूपात हाच शब्द एकोणिसाव्या शतकातील स्कॉटिश लेखक थॉमस कार्लाइल यांच्याकडे आढळतो. विभूतिपूजेवरची त्यांची व्याख्याने १८४० मध्ये झाली आणि १८४१ मध्ये पुस्तकरूपाने आली. त्यांतल्या पहिल्याच व्याख्यानात प्राचीन पंथांकडे पाहताना ते भलत्या पूजांच्या आणि भलत्या समजुतींच्या भेसूर, गुंतलेल्या जंगलाविषयी बोलतात. परंतु हे सगळे निव्वळ भोंदूपणाचे होते, हे मत त्यांना मान्य नाही. आपल्यासारखीच माणसे त्या जंगलात खरोखर राहत होती, त्या श्रद्धांवर जगत होती, असे त्यांचे म्हणणे आहे. माझ्या दृष्टीने या शब्दाची नाडी इथे सापडते. ज्याच्याविषयी तो वापरला जातो त्याची भक्ती खोटी नसते. पूजा नाकारणे यासाठी इंग्रजीत ‘डिसवर्शिप’ असे वेगळे, आता मृत झालेले क्रियापद होते. ‘मिसवर्शिप’ करणारा पूजा करतोच, मनापासून करतो. पण कुठेतरी चुकतो.

कुठे चुकतो, हाच प्रश्न होता, आणि कोशातील ‘रॉंगली’ त्याचे उत्तर देत नव्हते. ‘मिस’ हा उपसर्ग मोठा बेभरवशाचा आहे. ‘मिसस्पेल’मध्ये कृती चुकते, कारण अक्षरे भलतीच लिहिली जातात. ‘मिसडायरेक्ट’मध्ये कृती नीट होते आणि दिशा चुकते. ‘मिसट्रस्ट’मध्ये तर चूक काहीच नाही, तिथे विश्वासच नसतो. ‘मिसबिलीव्हर’ म्हणजे भलत्यावर श्रद्धा ठेवणारा. शेक्सपियरच्या ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’मधील ज्यू सावकार शायलॉक, आपल्याला हेच म्हणून हिणवले जात होते, याची अँटोनियोला आठवण करून देतो. एका उपसर्गाची इतकी तोंडे असताना मी त्यातले एकच गृहीत धरून नोंद केली होती.

पूजेच्या बाबतीत या दोन चुका मुळातच निराळ्या आहेत, आणि त्या वेगळ्या ठेवायला माणसे फार पूर्वीपासून धडपडत आली आहेत. बायबलमधील दहा आज्ञांपैकी आरंभीच एक आज्ञा इतर देव मानू नका म्हणते, आणि लगोलग कोरीव मूर्ती करून तिच्यापुढे वाकू नका असे सांगितलेले आहे; पहिल्या निषेधाचा रोख पूज्याकडे आहे, दुसऱ्याचा पूजेच्या रीतीकडेही वळवता येतो. बायबलमध्येच, इस्राएली लोकांचा महायाजक अहरोन याचे दोन पुत्र, नादाब आणि अबीहू, देव तोच ठेवून धुपाटण्यात भलताच अग्नी घालतात आणि जळून मरतात. तिथे चूक शुद्ध रीतीची आहे. उलट त्याच लोकांनी पूजलेल्या सोन्याच्या वासराची कथा सोपी वाटते आणि नसते, कारण ते वासरू ओतल्यावर अहरोन जाहीर करतो की उद्या परमेश्वराचा उत्सव आहे. मग लोकांनी भलता देव पूजिला, की खराच देव भलत्या रूपात पूजिला? यावर पिढ्यान्‌पिढ्या वाद झाले आहेत. ७८७ मध्ये निकियाच्या दुसऱ्या ख्रिस्ती धर्मपरिषदेने प्रतिमांना वंदन आणि केवळ ईश्वरालाच अर्पायची उपासना यांना ग्रीकमध्ये दोन वेगळे शब्द वापरून सीमा आखली. आपल्याकडेही दोन्हींसाठी वेगळी भाषा आहेच. गीतेच्या नवव्या अध्यायात अन्य देवतांचे भक्त श्रद्धेने माझीच पूजा करतात, पण ‘अविधिपूर्वक’ करतात, असे म्हटले आहे. आणि जिथे अपूज्यांची पूजा होते तिथे दुष्काळ, मरण आणि भय शिरतात, असे सांगणारे सुभाषित शाळेत संस्कृत घेतलेल्या बहुतेकांनी ऐकलेले असते. अविधिपूर्वक पूजन आणि अपूज्याचे पूजन या दोहोंना आपण एकच शब्द कधी वापरणार नाही. इंग्रजीने तो वापरला आणि निवड वाचणाऱ्यावर सोडली.

निवड करायची कशी, हे शेवटी व्याकरणाने दाखवले. हे सकर्मक क्रियापद आहे, तेव्हा कर्म पाहायचे. कर्मस्थानी ज्याची योग्यता लेखकाला मान्य आहे तो देव असेल, तर चूक रीतीत शोधावी. कर्मस्थानी मूर्ती, सत्ता, संपत्ती किंवा माणूस असेल आणि लेखक त्याला पूजेच्या लायकीचा मानत नसेल, तर चूक त्या निवडीतच आहे. आमच्या वाक्यात कर्म होते ‘थोर पुरुष’, आणि पुढचे वाक्य त्यांच्यातली खोट स्पष्ट सांगत होते. शंकेला जागाच उरली नाही.

अर्थ कळला तरी मराठी शब्द हाती येत नव्हता, आणि आता बारा वाजून गेले होते. सहकाऱ्याने झरझर पर्याय सांगितले. ‘देव्हारे माजवले’ हा वाक्प्रचार अर्थाने अगदी जवळचा आहे, पण त्यात देव्हारा माजवणाऱ्याची टर आहे; निबंधकाराला त्या पिढीची कीव येत होती, तो तिला हसत नव्हता. ‘शेंदूर फासला’ म्हटले की फासणारा लबाड ठरतो. ‘उदो उदो केला’ यात आवाज आहे, नमन नाही. ‘डोक्यावर घेतले’ तर नटांपासून खेळाडूंपर्यंत कोणालाही चालते. ‘अंधभक्ती’ हा शब्द आजच्या भांडणांनी इतका तापला आहे की तो जुन्या निबंधात ठेवला असता तर वाचकाने निबंध सोडून वर्तमानपत्र आठवले असते. ‘अपपूजा’ असा नवा शब्द मी स्वतःच घडवून पाहिला आणि मोठ्याने उच्चारल्यावर स्वतःच मागे घेतला.

मार्ग सापडला तो ‘वर्शिप’च्या व्युत्पत्तीत. हा शब्द जुन्या इंग्रजीतील ‘वर्थ’, म्हणजे योग्यता, मोल, यापासून आलेला आहे. मुळात त्याचा अर्थ योग्यता असण्याची अवस्था एवढाच, आणि त्यावरून ती योग्यता मान्य करून दिलेला मान. म्हणूनच इंग्लंडमध्ये दंडाधिकाऱ्यांना ‘युअर वर्शिप’ म्हणत आणि १५४९ च्या प्रार्थनाग्रंथातील विवाहविधीत वर वधूला ‘मी आपल्या देहाने तुला वर्शिप करतो’ असे सांगतो. त्यात तिला देवी करण्याचा प्रश्न नाही, तिचे मोल मानण्याचा आहे. हे वाचून दाखवत असताना सहकारी एकदम म्हणाला, ‘मॅडम, म्हणजे सत्पात्री दानासारखे. हे अपात्री झाले.’

मला त्याचा हेवा वाटला, हे लपवण्यात अर्थ नाही. योग्यता म्हणजे पात्रता, आणि दान सत्पात्री की अपात्री हा विचार मराठी माणसाला समजावून सांगावा लागत नाही. दान खरे असते, देणाऱ्याचा हात खरा असतो, घेणाऱ्याची निवड चुकलेली असते. शब्द मिळाला होता, आता तो वाक्यात बसवायचा होता. ‘तिने आपली पूजा अपात्री वाहिली’ हे कानाला उत्तम लागले, पण त्यात ‘थोर पुरुष’ हे कर्म गळून पडत होते, आणि निबंधकाराचा सारा डंख त्या दोन शब्दांतच होता. बरीच उलथापालथ करून आम्ही ठरवले : ‘तिने आपल्या थोर पुरुषांना पात्रता नसता पूजिले.’ पुढचे वाक्य त्याला लागून वाचले आणि दोन्ही एकाच तोंडची वाटली. मी पानावर सही केली. दुरुस्ती संगणकावर चढवायला सहकाऱ्याला सांगून दुसऱ्या कामाला बसले.

चारच्या सुमारास नवी पाने आली. एका वाक्याची दुरुस्ती होती, त्यामुळे तेवढे एक पान पाहून बाकीची सोडून द्यावीत असा मोह झाला. परंतु सकाळच्या प्रकाराने मन जरा चाळवलेले होते, म्हणून मी पूर्ण गठ्ठा चाळला, आणि शेवटच्या निबंधात पुढील वाक्य वाचले : ‘ज्या देवाला ते ओळखत होते, त्यालाच त्यांनी पात्रता नसता पूजिले.’

पुन्हा वाचले. एका पाद्र्याच्या हातचा निबंध, विषय तोच भलत्या अग्नीचा, आणि आमच्या छापील पानावर तो आपल्या देवाला अपात्र ठरवत होता.

झाले ते असे. हे क्रियापद पुस्तकात आणखी एकदा आले होते आणि माझ्या नोंदीप्रमाणे तिथेही ‘चुकीच्या रीतीने पूजिले’ असेच होते. सहकाऱ्याला वाटले की नोंद चुकीची ठरली आहे तर ती सगळीकडेच चुकीची असणार. म्हणून त्याने दुरुस्ती एका जागी न करता एका आज्ञेसरशी संपूर्ण पुस्तकात बदलून टाकली. संगणकाने दोन जागा बदलल्याचे प्रामाणिकपणे कळवलेही होते. तो संदेश पाहून त्याला काम चोख झाल्याचेच समाधान वाटले होते.

मी त्याला रागावले नाही, कारण रागावण्यासारखे जे काही होते त्याची सुरुवात माझ्याच हातून झाली होती. आम्ही दोघांनी मूळ वाक्य पुन्हा काढले. कर्म देव, देवाची योग्यता लेखकाला निःशंक मान्य, चूक अग्नीची, म्हणजे रीतीची. त्या एका जागी माझी जुनी, उघडीबोडकी नोंद तंतोतंत बरोबर होती. ‘चुकीच्या रीतीने’ हे शब्द परत आणले, त्या पानाची नवी प्रत काढली, आणि पाने नेण्यासाठी आलेल्या माणसाला वीस मिनिटे थांबवून ठेवले.

तो गेल्यावर सहकारी शब्दावली उघडून बसला. जुनी नोंद पुसायची का, असे त्याने विचारले. मी ती तशीच ठेवायला सांगितली आणि तिच्याखाली दुसरी ओळ घालायला सांगितली. त्याने दोन्ही ओळींपुढे एकेक वाक्य उदाहरण म्हणून जोडले, कर्माखाली रेघ मारली, आणि नोंद करणाऱ्याच्या रकान्यात माझ्या नावापुढे प्रश्नचिन्ह टाकून माझ्याकडे पाहिले. ते मी काढायला सांगितले नाही.