शेरा : अर्ज अवाच्य
तहसीलला आवकच्या टेबलावर होतो तेव्हाची गोष्ट. सोमवार, त्यात दाखल्यांचा सीझन, खिडकीवर ही गर्दी. एका अर्जाला जोडलेली जमिनीच्या फेरफार नोंदीची झेरॉक्स निम्मी काळी, गट नंबर 3 आहे की 8 तेच कळेना, म्हणून मी लाल पेनाने शेरा मारला "अर्ज अवाच्य, सबब परत" आणि साहेबांनीही न बघता खाली सही ठोकली.

दोन दिवसांनी अर्जदार हजर, रिटायर्ड गुरुजी, धोतर-टोपी. कागद काचेवर ठेवला न शांतपणे म्हणाले, "बाळ, यात मी शिवी कुठं दिलीय तेवढं दाखव."

मला काही कळेचना. म्हटलं गुरुजी, शिवी नाही हो, वाचता येत नाही असं लिहिलंय. तर म्हणाले अवाच्य म्हणजे तोंडातून काढू नये असं, अवाच्य शिव्या म्हणतोस ना, तेच हे.

मग गर्दी राहिली बाजूला आणि तास सुरू झाला :) वाच्य हे वच् धातूवरून, वच् म्हणजे बोलणे, वाचा म्हणजे वाणी, तीही त्यातलीच. मी म्हटलं मग आपल्या फॉर्मवर 'सुवाच्य अक्षरात भरावे' छापलेलं असतं ते काय? ते म्हणाले वाचणं म्हणजेच मुळात बोलायला लावणं, संस्कृतात वाचयति म्हणजे बोलायला लावतो, कागदाला तोंड फोडायचं. पूजेत पुण्याहवाचन असतं तिथं कोण पुस्तक वाचतंय, यजमान म्हणायला सांगतो आणि भटजी तोंडाने "पुण्याहं" म्हणतात तेच वाचन. म्हणून जे चटकन तोंडी येतं ते सुवाच्य, त्याच्या उलट दुर्वाच्य लिही, अवाच्य नको. मागे उभा असलेला एक जण म्हणाला काका आमचा उत्पन्नाचा दाखला तेवढा देऊ द्या की.

आणि खरं सांगू, गुरुजींचा स्वतःचा अर्ज म्हणजे मोती, एक काना इकडचा तिकडे नाही, घाण होती ती फक्त झेरॉक्स. मी शेरा खोडून "सोबतची छायाप्रत अस्पष्ट" केलं, खाली सही केली, नक्कल काढायला रेकॉर्ड रूमचा रस्ता दाखवला.

संध्याकाळी साहेबांना सगळं सांगितलं. ते जरा चपापले, सही त्यांचीच ना. म्हणाले, "बरं झालं मिटलं, पण आता याची कुठं वाच्यता करू नकोस."

मला जे हसू फुटलं ते थांबेना, आणि साहेब आपले विचारतायत काय झालं म्हणून.