रेड डचेस, म्हणजे कॅथरीन
कॅथरीन स्टुअर्ट-मरे, स्कॉटलंडमधल्या अ‍ॅथॉलची डचेस, ह्या बाईंबद्दल आपल्याकडे कुणी फारसं बोलतच नाही म्हणून लिहितेय. जन्म १८७४ चा, संगीत शिकलेल्या, आणि गंमत बघा, आधी बायकांना मताधिकार नको म्हणणाऱ्यांत होत्या, पण १९२३ मध्ये त्याच स्कॉटलंडमधून निवडून आलेल्या पहिल्या महिला खासदार झाल्या, पुढच्या वर्षी शिक्षण खात्यात ज्युनियर मंत्रीसुद्धा.

मला खरं भावतं ते पुढचं. १९३७ ला त्या यादवी चालू असलेल्या स्पेनमध्ये स्वतः जाऊन आल्या, तिथल्या लोकांसाठी मदत गोळा करणाऱ्या समितीच्या अध्यक्ष होत्या, आणि त्या मे महिन्यात उत्तर स्पेनच्या बास्क प्रदेशातली जवळपास ४००० मुलं हबाना नावाच्या जहाजाने साउदॅम्प्टनला आली त्या कामातही त्यांचा मोठा वाटा होता. पक्ष कन्झर्व्हेटिव्ह, तरी विरोधक त्यांना रेड डचेस, म्हणजे डाव्यांची डचेस, म्हणायचे! हिटलरशी नमतं घेण्याचं तेव्हाचे ब्रिटिश पंतप्रधान चेंबरलेन यांचं धोरण पटलं नाही म्हणून १९३८ मध्ये सरळ राजीनामा देऊन पोटनिवडणूक लढवली. १३१३ मतांनी हरल्या. सीट गेली पण मत बदललं नाही, आणि युद्धानंतरही त्या निर्वासितांसाठी काम करतच राहिल्या.